फिलाचा अर्धा राहिलेला डाव

मी पातेलं आणायला गेले होते, एवढंच. माणूस गेल्यावर सहा आठवड्यांनी विधी असतो, त्याला गहू उकडायचे होते, आणि सगळ्या गल्लीला पुरतील एवढे गहू मावणारं पातेलं आमच्यात एकच, माझ्या बहिणीकडे. म्हणजे बहिणीच्या घरात. बहीण तर गेलेली. दिवा जरा अलीकडे घ्या, आमच्या कालाफातमध्ये वारा सुटला की पहिली जाते ती वीज, आणि यायची घाई तिला कधीच नसते. ऐकायचं असेल तर नीट ऐका. मी हे भीतीने सांगते असं समजू नका. भीती वाटली, नाही कशाला म्हणू, पण त्याहून जास्त आला तो संताप, आणि तो अजून उतरलेला नाही.

बहिणीचं नाव फिला. डॅन्यूब नदीवर पूल झाला नव्हता तेव्हा इथून, रोमानियातून, पलीकडे बल्गेरियात जायला फेरीबोट होती, त्या बोटीच्या तिकीट खिडकीत तिने उभं आयुष्य काढलं. तिच्या मुलाला, तिबीला, शाळेत असताना जर्मनीतल्या काकाने हातात धरून खेळायचं एक यंत्र दिलं होतं. राखाडी डबडं, हिरवट काच, वरून विटा पडायच्या, त्या जुळवून ओळ भरली की ओळ नाहीशी. गणितात नापास झाला म्हणून फिलाने ते जप्त केलं, आणि जप्त केलं ते परत दिलंच नाही. खिडकीबाहेर ट्रकवाले बोंबलायचे, आणि आत ही म्हणायची, "ओरडू नका हो, ओळ भरू दे!"

पुढे त्या डबड्याची काच गेली. आधी रेघा उमटल्या, मग काहीच दिसेना. तिबी तोपर्यंत स्पेनमध्ये ट्रक चालवायला लागला होता. सुट्टीवर आला तेव्हा त्याने आईच्या फोनमध्येच तो खेळ घालून दिला. एम्युलेटर म्हणतात त्याला. मी नक्कल्या म्हणते. फोन जुन्या यंत्राचं सोंग घेतो, तोच हिरवा रंग, तीच पिपाणी, काचेवर काढलेली तीच बटणं. फिलाने आधी नाक मुरडलं. "हे कसलं मेलं बटण, बोटाला लागतच नाही!" मग तिने काय करावं? जखमेला लावायच्या चिकटपट्टीचे बारके तुकडे कापले आणि काचेवर बटणांच्या जागी डकवले. मग न बघता अंगठा बरोब्बर पडायला लागला.

या नक्कल्याची आणखी एक खोड आहे, ती समजून घ्या. जुनं यंत्र बंद केलं की डाव मोडायचा, संपलं. हा मात्र डाव हवा तिथे सेव्ह करून ठेवतो. वीट अर्ध्यावर लोंबकळत असली तरी चालतं. महिन्याने उघडा, वीट तिथेच, हवेत. हरलात? परत त्याच विटेवर या. फिलाला हे मुळीच खपायचं नाही. "रडीचा डाव," म्हणायची. "हरलं तर हरावं माणसाने." तिने ते बटण कधी दाबलं नाही. पण फोन मिटला की तो आपणहून सेव्ह करतो, हे तिला कुठे माहीत होतं?

नखात सुद्धा रोग नसलेली बाई. ऑक्टोबरात चुलीवर घेवड्याचं कालवण ठेवून खिडकीशी खुर्चीत खेळत बसली होती. खोकल्याची उबळ आली, आणि हृदय थांबलं. शेजारणीने, वेताने, भिंतीपलीकडून खोकला ऐकला होता. साधा ठसका वाटला, म्हणून ती उठली नाही. मग करपल्याचा वास आला. फिला खुर्चीतच होती, मांडीवर फोन, काच विझलेली.

तर मी पातेलं आणायला गेले. दुपार होती, पण नदीवरून धुकं चढलेलं, समोरचं चर्च सुद्धा दिसेना. घराच्या खिडक्यांच्या झडपा खाली ओढलेल्या. मी हाक मारली, ओ नाही. स्वयंपाकघरातून ती पिपाणी ऐकू आली, आणि सांगते तुम्हाला, एक क्षण मला वाटलं, फिला आहे घरात.

तिबी होता. आईच्या खुर्चीत, काळोखात, आईचा फोन हातात, तोंडावर तो हिरवट उजेड. अंत्यविधीपासून दाढी केली नव्हती त्याने. मी फळीवरून पातेलं काढायला हात वर केला आणि मागून खोकला आला. कोरडा, लागोपाठ, मग श्वास आत ओढल्याचा लांब आवाज... आणि तो मधेच तुटला.

"एवढा खोकतोयस, गरम काही घेतलंस का?" मी विचारलं.

"मी नाही खोकलो," तो म्हणाला.

विटा वरपर्यंत साचल्या, तो हरला. त्याने काचेवर कुठेतरी बोट दाबलं. पिपाणी पुन्हा तिथूनच सुरू झाली, मघाचीच उभी लांब वीट पुन्हा हवेत लोंबकळत होती. आणि करपलेल्या घेवड्याचा वास आला. चूल थंड होती, मी हात लावून पाहिलं. मग पुन्हा तो खोकला. तोच. त्याच ठिकाणी तुटणारा. तिबीचे ओठ मिटलेले होते, मी बघत होते त्याच्याकडे. आवाज मागून येत नव्हता, बाजूने येत नव्हता. तो बसला होता त्या खुर्चीतूनच येत होता, त्याच्या छातीच्या उंचीवरून.

"तुला पण आला ऐकू?" तिबी हसला. खरंच हसला हो! "मला वाटलं, माझंच डोकं फिरलंय. मावशी, आई आहे ती. तिचा शेवटचा डाव राहिलाय यात. मी उघडला की ती येते. दर वेळी येते."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. "येते? आणि येऊन काय करते तुझी आई?"

"...खेळते."

"मरते, गाढवा! मरते ती! तू हरतोस आणि बोट दाबतोस, आणि तिला पुन्हा तिथे आणून बसवतोस, त्याच उबळीत! किती वेळा केलंस हे?"

त्याने फोन छातीशी धरला, लहानपणी तुटकी खेळणी धरायचा तसा. मला त्याची दया यायला हवी होती, कबूल. पण दया येईना. माझी बहीण गुदमरत होती, आणि पोटचा पोरगा तिला गुदमरवत होता, वर म्हणे प्रेमाने!

आमच्यात एक रीत आहे. मेलेल्याचं जे लाडकं, ते पेटत्या मेणबत्तीसकट जिवंत माणसाच्या हातात द्यायचं. पोमाना म्हणतात. इथे दिलं की तिकडे त्याचं त्याला मिळतं, आणि मग त्याला या घराकडे वळून बघावं लागत नाही. पांघरूण द्या, खुर्ची द्या, पेला द्या, काय वाटेल ते. अट एकच, दिलं म्हणजे दिलं, आपल्याकडे उरता कामा नये. मी तिबीला म्हटलं, "विधीच्या दिवशी हा फोन वेताच्या हातात द्यायचा. खेळासकट. कळलं?"

"देतो," तो म्हणाला. इतक्या पटकन म्हणाला की मला तेव्हाच संशय यायला हवा होता.

विधी झाला. पाद्री आले, गहू उकडले, साखर पेरली. वेताने मेणबत्ती घेतली, टॉवेल घेतला, ताट घेतलं, 'देव त्यांना क्षमा करो' म्हणाली. मी ताटं वाढत होते. मला वाटलं, सुटली माझी बहीण. पाय मोकळे झाले तिचे.

कसले मोकळे! चार दिवस झाले नाहीत तर वेता माझ्या दारात. एरवी नीटनेटकी झाल्याशिवाय उंबरा न ओलांडणारी बाई, पण डोक्याला रुमाल नाही, पायात घरातल्या सपाता.

"झांफिरा, तुझ्या भाच्याने माझ्या घरात काय घातलंय?"

"काय घातलंय? फोन दिलाय तुला. फिलाचा."

"कुठला फिलाचा! माझ्याच फोनमध्ये त्याने तो खेळ घालून दिला. म्हणाला, हुबेहूब तोच आहे, आईचा शेवटचा डाव पण त्यात आहे. मी म्हटलं, मुलाचं मन कशाला मोडा. काल सहज उघडला..." वेताने माझं मनगट धरलं. तिचा हात गार होता. "मी तो खोकला भिंतीपलीकडून ऐकला होता, झांफिरा. तेव्हा उठले नाही मी. आता तो माझ्या पलंगावरून येतोय."

नक्कल! त्या शहाण्याने पोमानात नक्कल दिली! अस्सल स्वतःकडे ठेवलं, आणि त्याची प्रत काढून दिली आईच्या नावाने! आजवर आमच्या गावात लोकांनी पोमानात फाटकं पांघरूण दिलं असेल, तडा गेलेला पेला दिला असेल, पण दिलेली वस्तू घरात ठेवून सुद्धा देता येते, ही अक्कल कुणाला सुचली नव्हती. आणि तिकडे फिलाला काय मिळालं? सुटका नाही मिळाली. आणखी एक जागा मिळाली मरायला.

मी तशीच निघाले, वेता मागोमाग. तिबी खुर्चीत. वास दारापर्यंत येत होता.

"ऊठ," मी म्हटलं.

"मावशी, ऐक तरी..."

"ऊठ तिच्या जागेवरून!"

तो उठला. मी फोन हिसकावला आणि खुर्चीत बसले. बैठक उबदार होती, ते तिबीमुळे असेल. पण काचेवरचे ते पट्टीचे तुकडे ओले होते, घामाने ओले, आणि तिबीचे हात मी नंतर पाहिले, ते कोरडे ठणठणीत होते.

मला एक गोष्ट कळत होती. डाव अर्धा आहे म्हणून ती अर्धी आहे. तो शेवटाला न्यायचा, आणि परत मागे यायचं नाही. हरलं तर हरावं. मी या खेळाला जन्मात हात लावला नव्हता. मी अंगठे पट्टीवर ठेवले आणि ती लांब वीट खाली येऊ दिली.

खोकला सुरू झाला. या वेळी माझ्या छातीतून. मी खोकत नव्हते, शपथेवर सांगते, पण बरगड्या हलत होत्या. वेता दाराशी उभी राहून क्रूसाची खूण करत होती. श्वास आत ओढला गेला, लांब... आणि जिथे तो तुटायचा तिथे मी बोट काढलं नाही. पुढे खेळत राहिले.

मग माझे अंगठे माझे राहिले नाहीत. डावीकडची एक उभी फट मोकळी ठेवून बाकीच्या विटा रचायला लागले, भराभर. ती फिलाची रीत. खिडकीत बसून ती असंच खेळायची, लांब वीट येईपर्यंत धीर धरायची. ओळी नाहीशा होत होत्या. कानाजवळ कुणीतरी श्वास घेत होतं, आता नीट, सावकाश, काम करताना घेतो तसा. मला रडू फुटलं. मी म्हटलं, "फिला, पुरे गं आता. ठेव."

अंगठे थांबले.

मी काही केलं नाही, तिने काही केलं नाही. विटा आपोआप एकावर एक पडत गेल्या, वरपर्यंत गेल्या. पिपाणी वाकड्या सुरात संपली. वास गेला. घरात एकदम थंडी शिरली, नोव्हेंबरातली साधी थंडी, आणि इतकं बरं वाटलं म्हणून सांगू.

"आता पूस ते," मी तिबीला म्हटलं. "माझ्यासमोर. वेताच्या फोनमधलं पण."

त्याने पुसलं. दोन्हीकडचं पुसलं. वेता म्हणाली, "देव तिला विसावा देवो," आणि मी म्हटलं, झालं, पातेलं घेऊन घरी जाते. शेवटी गहू मी तिथेच उकडले होते, ते अजून तिथेच होतं ना. पण तिबी दारात उभा. बाजूला होईना. त्याचं तोंड पांढरं पडलं होतं.

"मावशी..."

"आता काय?"

"मी तो डाव... बाहेर टाकला होता."

"बाहेर म्हणजे कुठे?"

"हे जुने खेळ फोनवर खेळणारे लोक असतात ना, जगभरातले, त्यांचा एक अड्डा आहे इंटरनेटवर. तिथे. आई गेली त्याच आठवड्यात. लिहिलं, हा माझ्या आईचा शेवटचा डाव, बघा कोण पुढे नेतो ते." तो खाली बघत होता. "सगळे इतकं चांगलं बोलले गं. खूप जणांनी उतरवून घेतला. मला बरं वाटलं."

मी खुर्चीवर टेकले. खूप जणांनी! हात जोडून, हळहळून, प्रेमाने उतरवून घेतला! आणि त्यांच्यातला एकेक जण रात्री जेवून खाऊन आडवा होणार, आणि गंमत म्हणून माझ्या बहिणीला बोट दाबून उठवणार. हरला की परत. हरला की परत. "मागव परत," मी ओरडले. "सगळ्यांकडून मागव! सांग त्यांना, ही मेलेली बाई आहे, खेळणं नाही!"

"मावशी, असं परत नाही मागवता येत..."

"का नाही येत? टाकताना आलं ते?"

तरी त्याने लिहिलं. रडत रडत लिहिलं. कृपा करून पुसून टाका, असं. आम्ही तिघं त्या काचेवर वाकून बसलो. लोकांची उत्तरं यायला लागली, तिबी वाचून दाखवत होता. एक म्हणाला, जरूर पुसतो, तुमच्या आई फार सुंदर खेळायच्या. एक म्हणाला, बरं झालं लिहिलंत, माझ्याकडे आवाजात काहीतरी बिघाड होता, कुणी खोकल्यासारखं. एका बाईने लिहिलं, माझा कुत्रा त्या फोनजवळ येईना, मी आधीच पुसला. मी एकेकाला आशीर्वाद देत होते. मनात म्हणत होते, एकेक दार मिटतंय, जाईल ती. जाईल.

मग तिबीने वाचता वाचता काच स्वतःकडे वळवली.

"वाच," मी म्हटलं.

"हा कुणीतरी नॉर्वेचा आहे..."

"वाच म्हणते ना!"

त्याने वाचलं. अगदी हळू आवाजात, शब्द न शब्द सांगते तुम्हाला. त्या माणसाने लिहिलं होतं, मी तुमचा डाव पुसला, पण उशीर झाला असावा. खोकला कालपासून थांबलाय. त्या आता माझ्या स्वयंपाकघरात बसून असतात, स्टुलावर, ओला कोट घातल्यासारख्या आखडून. मला घाबरतात. मी एकटा राहतो, म्हातारा आहे, त्यांना त्रास देणार नाही, पण त्यांना माझी भाषा येत नाही, मला त्यांची. सारख्या दाराकडे बघून एकच शब्द म्हणतात. मी पाणी दिलं, घेतलं नाही. पाव दिला, घेतला नाही. खिडकी उघडून पाहिली. तुमच्या भाषेत झांफिरा म्हणजे काय, तेवढं कळवा, म्हणजे मी त्यांना ते आणून देईन.